बाहेरच्या लेनमध्ये मी होते

सोजर, तू गेलीस त्याच्या दुसऱ्या दिवशी पेपराच्या पहिल्या पानावर तुझा फोटो आला आणि माझ्या पोटात दुखलं. खरं सांगते. रडून डोळे सुजले होते, समोर चहावर साय धरत होती, आणि तरी मनात पहिल्यांदा हेच आलं, की मी गेले तर आतल्या पानावर कोपऱ्यात येईन, तेही कुणी आठवणीने दिलं तर. मेलेल्या माणसाचा हेवा करणारी लातूर आणि नांदेड या दोन जिल्ह्यांत मी एकटीच असेन. पण तुला त्याचं काही वाटणार नाही. तुला माझी सवय होती.

पेपरवाल्यांनी तुझं सगळं लिहिलंय. गाव कुठलं, शाळा कुठली, पदकं किती, कुठल्या कुठल्या देशांत पळालीस. ते मी पुन्हा लिहीत बसणार नाही. तुझं कौतुक लिहून लिहून लोकांचे हात दुखलेत, त्यात माझी भर कशाला? मला लिहायचं आहे ते आपल्या भांडणाबद्दल. ते अजून मिटलेलं नाही आणि तू मध्येच उठून गेलीस. हे काही बरोबर केलं नाहीस.

लातूर जिल्हा झाला तेव्हाची गोष्ट. आठवतंय ना, सगळ्या गावाच्या अंगात आलं होतं. दुकानांच्या पाट्यांवरचं ‘जि. उस्मानाबाद’ खोडून ‘जि. लातूर’ रंगवून घ्यायची अशी घाई, की पेंटर लोकांना जेवायला सवड नव्हती. आमच्या अप्पांनी तर डाळीच्या दुकानाची पाटी वाळायच्या आत वर टांगली आणि तिचा रंग त्यांच्या टोपीला लागला. आई म्हणाली, “टोपी बी जिल्ह्यात आली म्हणायची.”

माझ्या दृष्टीने नवा जिल्हा म्हणजे नवा संघ. तोवर पळायला उस्मानाबादला जावं लागायचं. एसटीत अंग मोडून घ्यायचं, तिथल्याच एखाद्या पोरीचा नंबर आलेला बघायचा आणि परत यायचं. आता आमचा संघ आमच्या गावात निवडणार होते. दोनशे मीटरला जिल्ह्यातून एकच पोरगी राज्य स्पर्धेला जाणार होती, आणि ती शिवकांता, म्हणजे मीच, याबद्दल आमच्या गल्लीत कुणाला शंका नव्हती. हैदराबादच्या काकांनी मला खिळ्यांचे बूट आणून दिले होते. ते बूट मी देवघराच्या खालच्या फळीवर ठेवायची आणि आईच्या शिव्या खायची.

आई तशी धोरणी. ती म्हणायची, “कांता, लोह्याला मामाकडं जाऊन राहा. तिकडच्या शाळेत नाव घालू, नांदेड जिल्ह्यातून पळ. हितं पाच तालुक्यांच्या पोरी येणार. कोण कशी निघंल काय सांगता येतंय?” मला तो सल्ला अपमानच वाटला. नांदेड जुना जिल्हा. तिथून गेले असते तर मी कितवी तरी झाले असते. मला नव्या जिल्ह्याची पहिली व्हायचं होतं. एकदा एखादी पहिली झाली की पुढे शंभर वर्षं गेली तरी तीच पहिली, हा हिशोब मी सोळाव्या वर्षी पक्का केला होता. हिशोब बरोबरच होता. नाव तेवढं चुकलं.

त्या वर्षी पाऊसही रुसला होता. नवा जिल्हा आला आणि नळाचं पाणी गेलं, असं लोक म्हणायचे. टँकर माणसांना पुरत नव्हता, तिथे मैदानावर शिंपडायला पाणी कोण देणार? काळी जमीन वाळून फुटली होती. आमच्या बिराजदार सरांनी गाडाभर माती आणून भेगा बुजवल्या. बुजवलेली माती दोन दिवसांत खाली बसली आणि भेगा परत तोंड वासून उभ्या राहिल्या. अशा मैदानावर तू आलीस. परकर खोचलेला, आत भावाची चड्डी, पायात काही नाही. मागे तुझी आई, हातात भाकरीचं गाठोडं. मी झाडाखाली बूट बांधत बसले होते. तू येऊन माझ्यासमोर उकिडवी बसलीस आणि बुटाच्या खिळ्यांना बोट लावून म्हणालीस, “ह्ये टोचत न्हाईत का गं तुला?”

मी म्हटलं, “खिळे खालून असतात.”

“मग भुईला टोचत असतील की,” तू म्हणालीस आणि हसलीस. मला वाटलं, चाकूरकडच्या खेड्यातली अडाणी पोर. बिचारी.

आता सरांच्या रेघांचं सांगते. तू हसशील, पण हे मी सांगणारच, कारण माझी सगळी बाजू त्यावर उभी आहे. सरांनी सकाळी चुन्याची फक्की मारून लेन आखल्या होत्या आणि सुरुवातीच्या रेघा पुढे-मागे काढल्या होत्या. बाहेरच्या लेनचं वळण मोठं असतं, म्हणून तिच्यातल्या पोरीला पुढून सोडायचं. एवढं त्यांना चांगलं ठाऊक होतं. पण पाहुण्यांचा मांडव नेमका त्या रेघांसमोर पडला होता. स्वागत समितीचे कारभारी, गंजातले, म्हणजे धान्यबाजारातले, मोठे आडते, फेटा सावरत आले आणि बघतच राहिले.

“सर, ह्ये वाकडंतिकडं काय मारून ठेवलंय?”

सरांनी समजावून सांगितलं.

“ते तुमचं पुस्तकात. हितं पाच तालुक्यांची माणसं बसल्यात. एकीला पुढं, एकीला मागं उभी केली तर उद्या बोंब होईल की लातूरवाल्यांनी आपली पोरगी पुढं काढली. नवा जिल्हा हाय. सगळ्यांना सारखा न्याय पायजे. एका रांगेत घ्या. पाहुण्यांना बी बरं दिसतंय.”

सरांनी फक्कीचा डबा खाली ठेवला. मग त्यांनी पायाने रेघा पुसल्या आणि एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकच सरळ रेघ मारली. हे सगळं मी डोळ्यांनी पाहिलं. मला काही कळलं नाही. उलट ती सरळ रेघच जास्त छान दिसते असं वाटलं.

लेन वाटायची वेळ आली तेव्हा बाहेरची लातूरकडे आली. पंगतीला यजमान शेवटी बसतो, तसं आम्ही सगळ्यांत बाहेर आणि पाहुणे आत. माझ्या लगेच आत तू. ‘आपापली लेन सोडायची नाही’ हा नियम मात्र अगदी कडक, त्यासाठी वळणावर दोन गुरुजी उभे. शिट्टी वाजली. सुरुवात माझीच चांगली झाली, हे तूही कधी नाकारलं नाहीस. वळणात मला आतून आवाज यायला लागला, ओल्या धुण्यावर धोपटणं पडावं तसा, थप थप थप. वळण संपलं तेव्हा तू माझ्या डाव्या हाताला होतीस. शेवटाला तू छाती पुढे टाकलीस आणि तेवढ्याच अंतराने तू गेलीस.

मांडवात टाळ्या. तू मागे वळून माझ्याकडे बघून हसलीस, जसं काही आपण दोघींनी मिळून काही केलं होतं. मी खाली बघितलं. तू जिथे पाय आवरलास तिथे फक्कीच्या पांढऱ्या रेघेवर लाल ठिपका होता, तुझ्या टाचेचा. पुढच्या पावलाला आणखी एक. मी बूट सोडायला बसले आणि त्या गाठी काही केल्या सुटेनात.

तू राज्याला गेलीस. पहिल्या वर्षी तिसरी आलीस आणि पुढच्या वर्षी पहिली. मग कुठे पंजाबातलं शिबिर, कुठे केरळातली स्पर्धा. ज्या पोरीने तोवर लातूरपुढे एसटी पाहिली नव्हती ती रेल्वेत झोपून प्रवास करायला शिकली. कनिष्ठ गटातून तुझ्या अंगावर देशाचा शर्ट आला तेव्हा अप्पांनी पेपरातला तुझा फोटो कापून दुकानात काट्याच्या वर चिकटवला, बसवेश्वरांच्या तसबिरीच्या शेजारी. गिऱ्हाईक विचारायचं, “अप्पा, ही तुमची पोरगी का?” अप्पा तूरडाळ तोलता तोलता म्हणायचे, “न्हाई, पोरीची मैत्रीण.” सोजर, तो ‘न्हाई’ मी रोज ऐकला. शाळेतून येताना दुकानाच्या मागच्या दाराने जायला लागले. तुझा फोटो पिवळा पडला तरी अप्पांनी काढला नाही. दिवाळीला रंग दिला तेव्हा पेंटरला सांगितलं, फोटोच्या भोवतीनं दे.

आणि तुझी ती दुष्काळाची गोष्ट! बहात्तरच्या दुष्काळात तुझी आई दुष्काळी कामावर खडी फोडायची. तू एवढीशी, कडेवर अंगावर पिणारा भाऊ. तो रडायला लागला की त्याला कडेवर घेऊन माळावरून आईकडे पळत जायचं, ती खडीच्या ढिगामागे बसून पाजायची, मुकादम ओरडायचा, तू परत पळायचीस. पाय भाजतात म्हणून जोरात पळायचं, आणि जोरात पळालं की पाय कमी भाजतात. पेपरवाल्यांना ही गोष्ट अशी आवडली, की दर पदकाला नव्याने छापायचे. मीही ती दर वेळी शेवटपर्यंत वाचायची, आणि वाचून झाली की दुसरा विचार यायचा. माझ्याकडे सांगण्यासारखा दुष्काळसुद्धा नव्हता. आमच्या घरी आड होता, पोती होती, काका हैदराबादहून बूट आणत होते. माझ्यावर कोण काय लिहिणार? ‘डाळीच्या व्यापाऱ्याची मुलगी दुसरी आली.’

हेवा कसा असतो ते मला विचार. तुझ्या मांडीचा स्नायू फाटला आणि डॉक्टरांनी वर्षभर पळायचं नाही असं सांगितलं, ते कळलं त्या दिवशी मी दुपारी खुशीत दोन पोळ्या जास्त खाल्ल्या. आणि त्याच आठवड्यापासून तू बरी व्हावीस म्हणून सोमवार धरले. सिद्धेश्वराला जाऊन बेल वाहायचे आणि मनात म्हणायचे, तिला बरी कर, पण जरा सावकाश. देवाने पहिलं ऐकलं, दुसरं ऐकलं नाही. तू परत आलीस ती थेट मोठ्यांच्या गटात.

तोवर मी शारीरिक शिक्षणाच्या कॉलेजात होते. पळणं सुटलं होतं, पळवायला शिकत होते. एक दिवस मैदान आखायचा धडा होता. आमच्या बाईंनी वळणावर लेन आखून दाखवली आणि म्हणाल्या, सगळ्यांना एका रेघेवर उभं केलं तर बाहेरची मुलगी आतलीपेक्षा किती जास्त पळेल, काढा बघू. मी काढलं. एका लेनचा फरक चार-पाच पावलांचा निघाला. मी फक्कीचा डबा घेऊन तिथेच मातीत बसले. तू जिंकलीस ती छातीभर अंतराने. मी हरले नव्हते गं! बाईंना वाटलं मला ऊन लागलं.

लोक म्हणतात, नाचता येईना अंगण वाकडे. पुढे लग्न झाल्यावर नवऱ्यानेसुद्धा एकदा हसत हसत मला तेच ऐकवलं. मी म्हटलं, माझं अंगण खरंच वाकडं होतं, आणि मला नाचता येत होतं. पण जगात कुणाकुणाला धरून हे सांगणार? आतल्या बाकीच्या पोरींना तर तुझ्याहून जास्त फायदा होता आणि त्या मागेच राहिल्या, हेही खरं. म्हणून मी फक्त तुलाच सांगायचं ठरवलं. तू गावाकडे आलीस असं कळल्याबरोबर चाकूरची एसटी धरली. तू अंगणात शेंगा फोडत बसली होतीस. मी पाणीसुद्धा न घेता सगळं सांगितलं, काडीने मातीत वळण काढून दाखवलं. तू नीट बघितलंस. मग एक शेंग फोडून दाणे माझ्या हातावर ठेवलेस.

“हाव गं, बराबर हाय तुझं. तू जास्त पळालीस.”

“मग?”

“मग काय? मी अनवाणी होते. तुला बूट होते. त्या भेगांतून पळून बघ एकदा.”

“बुटाचं आणि अंतराचं काय? अंतर मोजता येतं!”

“पायाचं न्हाई मोजता येत, म्हणून ते धरायचंच न्हाई का?”

झालं. तिथून सुरू झालेलं भांडण तुझ्या-माझ्या केसांना पांढरा रंग चढेपर्यंत चाललं. तू परदेशातून आलीस की मी यायचे, चहा व्हायचा, पोराबाळांची चौकशी व्हायची आणि दोघींपैकी एक जण म्हणायची, “मग? त्या शर्यतीचं काय?” एकदा तू म्हणालीस, चल आत्ता परत पळू. तेव्हा माझा धाकटा पोटात होता. दुसऱ्यांदा मी म्हटलं, तेव्हा तुझा गुडघा गेला होता. मला तुझ्याकडून एकच वाक्य हवं होतं. ‘कांते, ती शर्यत तुझी.’ तेवढंच. बाकीचं सगळं पदकांचं कपाट तुझं.

लोह्याला मामांच्या ओळखीने मला मुलींच्या शाळेत नोकरी लागली आणि आई म्हणायची ते झालं, मी नांदेड जिल्ह्यात आले. उशिरा आले एवढंच. तू माझ्या शाळेत आलीस तो दिवस मी विसरणार नाही. मीच बोलावलं होतं, आणि बोलावल्याचा पश्चात्तापही मलाच. इतकी वर्षं मी त्या पोरींच्या मागे शिट्टी घेऊन उन्हात धावले, आणि तू आलीस तशा त्या मला ओलांडून तुझ्याकडे गेल्या. कुणी तुझ्या दंडाला हात लावून बघितलं. एकीने विचारलं, “बाई, परदेशातल्या पोरी लई जोरात पळतात का?”

तेव्हा तू ती वेस्ट इंडीजच्या मुलीची गोष्ट सांगितलीस. मोठ्या स्पर्धेत पहिल्याच फेरीत ती तुझ्या शेजारच्या लेनमध्ये होती. पोरींना वेस्ट इंडीज म्हणजे फक्त क्रिकेट ठाऊक, एकजण म्हणाली, मग ती त्या बॉलरची बहीण असेल. तू खूप हसलीस. म्हणालीस, तिला माझी भाषा येत नव्हती, मला तिची. शर्यतीच्या आधी तिने माझ्या पायांकडे बघितलं, मी तिच्या. तिच्या टाचा माझ्यासारख्याच. लहानपणी अनवाणी पळालेल्या पायाची टाच बुटात घातली तरी लपत नाही. दुभाष्या म्हणाला, ही उसाच्या रानातली आहे, एका बेटावरची, शाळेच्या स्पर्धेतून वर आलीय. मग शिट्टीच्या जागी बंदूक वाजली आणि ती गेली. मागे राहून तुला तिची फक्त पाठ दिसली.

पोरी गेल्यावर आपण दोघी स्टाफरूममध्ये बसलो. तू बशीतला चहा फुंकत बसली होतीस. मग माझ्याकडे न बघता म्हणालीस, “तिची पाठ बघून पळताना तू आठवलीस मला, कांते. म्हणलं, हिला माझं हेच दिसत असंल इतकी वर्षं.”

मला तुझा हात धरावा असं वाटलं, आणि त्याच वेळी वाटलं, बघ, हिला हेवासुद्धा माझ्याहून मोठ्या मैदानावर करायला मिळाला. मी आपली एका तालुक्यातल्या पोरीवर जळत राहिले, ही सगळ्या जगातल्या सगळ्यांत जोरात पळणाऱ्या पोरीवर. मी तुला आणखी चहा ओतला.

जाताना तू माझं मैदान फिरून बघितलंस. मी आखलेल्या सुरुवातीच्या रेघा, एकीपुढे एक. बाहेरच्या लेनच्या रेघेवर तू उभी राहिलीस, आत बघितलंस, मागे बघितलंस. “बाहेरलीला लईच पुढं उभी केलीस गं,” म्हणालीस. मी म्हटलं, “मोजून घे.” तू पायांनी मोजायला लागलीस आणि आमच्या शिपाईमामांना वाटलं, मोठ्या खेळाडू बाई काहीतरी नवीन व्यायाम करून राहिल्यात. दुसऱ्या महिन्यात शाळेत खोकं आलं, पोरींसाठी बूट. आत वेगवेगळ्या मापांचे, प्रत्येक जोडीत मोज्यांची घडी. त्यातल्या एका जोडीवर तू माझं नाव घातलं होतंस. माप अगदी बरोबर होतं. ते मी कधी विचारलं नाही, तुला कसं कळलं. त्या दिवशी झाडाखाली बसून तू खिळ्यांना बोट लावलं होतंस तेव्हा बघितलं असशील.

मग लातूरच्या दवाखान्यातली ती दुपार. तुझ्या पोरीने फोनवर सांगितलं होतं, मावशी, येऊन जा. ती मांडी, जिच्यासाठी मी सोमवार धरले होते, चादरीखाली काठीसारखी झाली होती. मला बघून तू म्हणालीस, “आलीस? शर्यत मागाया आलीस ना?”

“हाव,” मी म्हटलं. “आता तरी दे.”

“बाहेरल्या लेनला किती जास्त पडतंय गं?”

“चार-पाच पावलं.”

“आन् अनवाणी पायाला?”

“ते कसं मोजायचं, सोजरे?”

“मग न्हाई देत.”

मला खरंच राग आला. दवाखाना आहे, समोर आजारी माणूस आहे, काही भान राहिलं नाही. मी म्हटलं, “अगं कपाटभर पदकं आहेत तुझ्याकडे! एक जिल्ह्याची शर्यत, तीही फक्की पुसून घेतलेली, ती मला दिलीस तर तुझं काय जातंय?”

तू चादर छातीपर्यंत ओढून घेतलीस. मग म्हणालीस, “देऊन टाकली तर तू कशाला येशील? माझ्याकडं समदे फोटो काढाया येतात. भांडाया तू एकलीच येतीस.”

मी पुढच्या सोमवारी येते म्हणून उठले. तू म्हणालीस, येताना शेंगा आण, भाजलेल्या. शेंगा मी आणल्या होत्या. त्या अजून पिशवीत आहेत.

काल तुझी शोकसभा झाली. नगरपालिकेचा हॉल भरून लोक बाहेर उभे होते, आणि हो, तेही मला झोंबलं. भाषणं झाली. तोच दुष्काळ, तीच खडी, तोच कडेवरचा भाऊ. मग कुणीतरी धरून धरून बिराजदार सरांना माइकपाशी आणलं. आता त्यांना नीट दिसत नाही, कानाला यंत्र आहे. ते म्हणाले, सोजर मोठीच होती. पण आज मला एक सांगून टाकायचंय, नाहीतर ते माझ्याबरोबर जाईल. नव्या जिल्ह्याच्या पहिल्या निवडीत मी रेघा चुकीच्या मारल्या. माणसांनी सांगितलं म्हणून मारल्या. बाहेरच्या लेनमधली पोर जास्त पळाली. पहिला नंबर शिवकांताचा होता. ती इथे बसलेली असेल, तिने उभं राहावं.

सोजर, सगळ्या हॉलने मान वळवली. माइकवरून, पाच तालुक्यांच्या माणसांसमोर, अप्पा असते तर अप्पांसमोर, मला ते वाक्य मिळालं. तुझ्याकडून मागून मागून जे मिळालं नाही ते सरांनी न मागता दिलं. मी उभी राहिले. शेजारच्या बाईने माझा हात दाबला. मला वाटलं, आता माझ्या तोंडून ‘आभारी आहे सर’ असं काहीतरी निघेल.

पण मी म्हणाले, “न्हाई सर. ती अनवाणी होती.”

सरांना ऐकू आलं नाही. ते कानाला हात लावून म्हणाले, “काय म्हणतीस?”

“ती अनवाणी होती, सर!” मी ओरडलेच. “पाणी न मारलेल्या मैदानावर, भेगांतून पळाली. मला बूट होते. तुमच्या रेघेवर तिच्या टाचेचं रक्त पडलं होतं. मी बघितलंय. तुम्ही फक्त अंतर धरता. पायाचं मोजता येत न्हाई म्हणून ते धरायचंच न्हाई का?”

हॉलमध्ये टाळ्या वाजल्या. त्याही तुलाच.

सर देत होते गं, सोजर. सगळ्यांसमोर देत होते. मी घेतली नाही.